कोच एकार्टकडचा चहा

बहरीनहून परत येऊन तीन आठवडे झाले. भेटेल तो विचारतो, "काय काय पाहिलंत?" मी किल्ला सांगते, वाळवंटात एकटंच उभं असलेलं ते जुनं झाड सांगते, खजुराचा डबा पुढे करते. एवढ्यावर लोकांचं समाधान होतं. पण खरं सांगायचं तर त्या सतरा दिवसांत मी सगळ्यात जास्त वेळ काय पाहिलं असेल, तर माझ्या नातीचा श्वास. ती पळताना तो नीट चालतोय की नाही, एवढंच मी बघत होते. त्यामुळे या लिखाणात प्रेक्षणीय स्थळं जरा कमी पडतील, ते वाचणाऱ्यांनी सांभाळून घ्यावं.

मी मुळातच भित्री. तीस वर्षं कोल्हापुरात शाळेत भूगोल शिकवला, जगातले सगळे ज्वालामुखी फळ्यावर काढले, पण घरच्या कुकरची शिट्टी झाली की अजून दचकते. विमानात बसताना जीव मुठीत धरला होता. पण ती भीती उतरल्यावर संपली. खरी भीती तिथं गेल्यावर सुरू झाली.

अमवाज

माझी मुलगी मुग्धा, जावई संदेश आणि तेरा वर्षांची नात इरा अमवाज आयलंड्सवर राहतात. मुग्धा इंजिनियर, संदेश बँकेत. ही बेटं समुद्रात भर टाकून केलेली आहेत. ज्या नकाशावर मी मुलांना छडीनं बहरीन दाखवायची, त्यावर ती नव्हतीच. पहिल्या सकाळी गॅलरीत उभी राहिले तर खाली निळं पाणी, पाण्यात इमारतींच्या सावल्या, आणि एकाही माणसाचा आवाज नाही. आमच्याकडे सकाळी दूधवाला, भाजीवाला, शेजारची भांडणं, असं सगळं एकदम सुरू होतं. इथे फक्त एसीची घरघर. डिसेंबर होता तरी तो बंद नव्हता.

दुसऱ्या दिवशी संदेश मला मुहर्रकमधल्या एका जुन्या खाणावळीत न्याहारीला घेऊन गेला. शेवयांची बशी आली. केशर, वेलदोडा घातलेल्या गोड शेवया, आणि वर चक्क ऑम्लेट पसरलेलं. मी वेटरला हाक मारून हिंदीत सांगितलं, "भाऊ, किसी और का ऑम्लेट इसपे गिर गया है." संदेश ठसका लागेपर्यंत हसला. ते तसंच खातात म्हणे, बलालीत म्हणतात त्याला. दोन घास भीतभीत खाल्ले, तिसऱ्यापासून आवडायला लागलं. संपवून म्हटलं, "मी घरी गेल्यावर करून बघतो." त्यावर तो पुन्हा हसला. आम्ही कोल्हापूरच्या बायका 'मी येतो, मी जातो' असंच बोलतो, आणि पुण्याच्या या जावयाला पंधरा वर्षं झाली तरी त्याची गंमत संपत नाही.

इरा माझ्याशी इंग्रजीतच बोलते. मराठी तिला सगळं कळतं, उत्तर मात्र इंग्रजीत. "आजी, यू आर कमिंग टु माय ट्रेनिंग," असं तिनं हुकूम सोडल्यासारखं सांगितलं. ती फुटबॉल खेळते हे मला माहीत होतं. फोनवर फोटो यायचे. फोटो बघतानाही धास्ती वाटायची, पण फोटोतली मुलगी हलत नसते, त्यामुळे निभावून जायचं.

मैदान

मैदान गाडीनं वीस मिनिटांवर. सूर्य मावळतीला गेलेला, वाऱ्याला गारवा, आणि हिरवंगार नकली गवत. पंचवीस-तीस मुलं-मुली पळत होती. मधोमध एक उंच, साठी ओलांडलेला गोरा माणूस उभा होता. ऊन लागून त्याचे कान लालभडक झालेले. तो ओरडत नव्हता, शिट्टीही फार वाजवत नव्हता. कुणी चुकलं की त्याच्याजवळ चालत जायचा आणि खाली वाकून बोलायचा. हे कोच एकार्ट. जर्मनीचे. इरा घरात यांचं नाव दिवसातून दहा वेळा घेते.

"उन्हाळ्यात तीन मुलींना ते जर्मनीच्या कॅम्पला नेणार आहेत," मुग्धा म्हणाली. "इराचं जवळजवळ नक्की आहे. आई, तुला कल्पना नाही, या पोरीनं दोन वर्षं काय मेहनत घेतलीय."

मी मान हलवली. तेवढ्यात मैदानाच्या पलीकडच्या कोपऱ्यात इरा पळता पळता थांबली. उकिडवी बसली. उजवा हात छातीखाली दाबून धरला. पाच-सहा श्वास घेतले आणि पुन्हा उठून पळायला लागली.

मुग्धा फोनवर बघत होती. ते फक्त मी पाहिलं. बाक धरून मी बसले. घरी येताना इराला विचारलं, तर म्हणाली, "इट्स जस्ट अ स्टिच, आजी. एव्हरीवन गेट्स इट." पळताना कुशीत चमक येते, तिला ते म्हणतात.

आता इथे मला बहरीन सोडून पंचेचाळीस वर्षं मागे, आमच्या गावी जावं लागेल. त्याशिवाय मी इतकी का घाबरले ते कळणार नाही.

सुरेश माझा धाकटा भाऊ. कोल्हापूरच्या पेठांमधलं फुटबॉलचं वेड आमच्या गावापर्यंत आलं होतं. तो रोज सकाळी दोन मित्रांबरोबर साखर कारखान्याच्या मैदानावर बॉल घेऊन जायचा. एकोणीस वर्षांचा होता. एका सकाळी पळता पळता उकिडवा बसला, छातीवर हात ठेवला, आणि आडवा झाला. मित्रांनी त्याला उचलून आणलं तेव्हा सगळं संपलं होतं. गावातल्या डॉक्टरांनी वडिलांना बाजूला घेऊन सांगितलं, पोराच्या हृदयातच जन्मापासून काहीतरी असणार, बाकीच्या मुलांनाही मिरजेला नेऊन दाखवा.

आम्हांला मिरजेला कुणी नेलं नाही. माझं लग्न ठरलं होतं, तारीख दोन महिन्यांवर आलेली. वडील म्हणाले, "हृदयाचं घरात आहे म्हटल्यावर पोरगी कोण करून घेणार?" दुपारपर्यंत सगळ्या गावाला कळलं की विहिरीवरची मोटार सुरू करताना सुरेशला शॉक लागला. दोघा मित्रांना वडिलांनी हात जोडून गप्प बसवलं.

ते खोटं माझ्यासाठी बोललं गेलं होतं, म्हणून मी ते नेटानं सांभाळलं. माझ्या घरात ओल्या हातानं बटणाला हात लावायची कुणाची टाप नव्हती. "मामा कसा गेला माहीत आहे ना?" असं म्हणून मी मुग्धाला लहानपणी दटावायची. सांगून सांगून मला स्वतःलाच कधीकधी ती विहीर दिसायची. माझ्या यजमानांना शेवटपर्यंत खरं कळलं नाही, आणि ते जाऊन आता सहा वर्षं झाली.

बोलावणं

दोन दिवसांनी इरा ट्रेनिंगहून आली ती एक निरोप घेऊन. कोचनी मला शनिवारी अदलिया नावाच्या भागात चहाला बोलावलं होतं.

"मला? मी काय खेळायला येणार आहे का?"

मुग्धा हसली. "ते सगळ्या आजी-आजोबांना बोलावतात. हिवाळ्यात व्हिजिट व्हिसावर म्हातारी माणसं येतात ना सगळ्यांची, तेव्हा त्यांचं हे चालू असतं. घरच्या लोकांच्या तब्येतीचं विचारतात. अकादमीच्या फॉर्मवर मी सगळं 'नो' लिहिलंय. मामा शॉक लागून गेला, ते काही त्यात येत नाही. तू फक्त जा, चहा पी, खुश होतील."

मी "बरं" म्हटलं.

मधल्या तीन दिवसांत त्यांनी मला हौसेनं फिरवलं. किल्ल्याच्या तटावरून समुद्र पाहिला. ते वाळवंटातलं झाड पाहिलं, कुठेही पाणी दिसत नसताना ते हिरवं कसं राहतं यावर एरवी मी संदेशला अर्धा तास ऐकवलं असतं. हमूर नावाचा मासा खाल्ला. चव सांगता येणार नाही, कारण घास गिळताना मी हिशेब मांडत होते. सांगितलं तर इराचं खेळणं बंद करतील. दोन वर्षांची मेहनत, जर्मनी, सगळं माझ्या एका वाक्यानं जाईल, आणि ती मला जन्मभर माफ करणार नाही. नाही सांगितलं, आणि एखाद्या संध्याकाळी ती उकिडवी बसून उठलीच नाही तर? मी भूगोलाची बाई, मला दोन्ही बाजूंना दरी दिसत होती. शुक्रवारी तर मी देवाला सांगून टाकलं की मला उद्या ताप येऊ दे. आला नाही.

अदलिया

अदलियात बैठ्या बंगल्यांची हॉटेलं झालेली आहेत. तशाच एका बंगल्याच्या अंगणात टेबल होतं. मुग्धा मला सोडून इराचे बूट आणायला गेली. कोच एकार्ट उठून उभे राहिले, माझी खुर्ची मागे ओढली. त्यांच्याबरोबर अकादमीचं ऑफिस बघणारे इक्बालभाई होते, मूळचे श्रीवर्धनकडचे. कोचचं इंग्रजी ते माझ्यासाठी मराठीत करणार होते. मला आनंदही झाला आणि धसकाही बसला. इंग्रजीत काही लपवता आलं असतं. आपल्या भाषेचा माणूस समोर बसल्यावर ते अवघड.

"मावशी, घाबरू नका हो," इक्बालभाई म्हणाले. "मानूस दिसतो कडक, पन तसा नाय. आधी तो स्वतःचा सांगल, मग तुम्हाला विचारल. त्याची रीतच हाय ती."

कोचनी स्वतः माझ्या कपात चहा ओतला. दूध घालून उकळलेला, वेलचीचा, इथे करक म्हणतात. मग ते सांगायला लागले.

त्यांचं गाव लहान, आणि गावाला साखर कारखाना. मी चमकले. "आमच्याकडं पण! उसाचा." त्यांचा बीटाचा होता. बीट म्हणजे आपण कोशिंबिरीला घेतो तसलंच, पण पांढरं. वडील बॉयलरवर कामाला. कारखाना चालू झाला की गावभर मळीचा वास यायचा, असं त्यांनी नाक मुरडून दाखवलं आणि मी मनापासून हसले. सातासमुद्रापलीकडच्या माणसाला मळीचा वास माहीत असावा, याचं मला भलतंच बरं वाटलं. क्षणभर मी कशाला आले होते ते विसरले.

सतराव्या वर्षी ते गावाच्या संघात आले, तिथून वरच्या दर्जाच्या क्लबात. डाव्या बाजूचा बचाव सांभाळायचे.

"गोल किती केले?" मी विचारलं. विद्यार्थ्यांना मार्क विचारायची सवय.

"एक," कोच म्हणाले. "आपल्याच जाळीत."

सव्विसाव्या वर्षी एका मोठ्या क्लबाचं बोलावणं आलं. कराराच्या आधी तब्येतीची तपासणी. डॉक्टरांनी छातीवर गार जेल लावून यंत्र फिरवलं, पुन्हा फिरवलं, मग दुसऱ्या डॉक्टरांना बोलावलं. हृदयाची भिंत जाड होती. कपडे घाला आणि आजपासून पळू नका, असं त्यांनी सांगितलं. करार झाला नाही. जुन्या क्लबानंही घेतलं नाही.

"हा बोलतो, मी त्या डॉक्टरला शिव्या दिल्या," इक्बालभाई म्हणाले. "बोलतो, मला काय झालावता? मी नव्वद मिनिटं पलत होतो. धा वर्सं त्या डॉक्टरचा राग केला."

ती दहा वर्षं कोच थंड पेयांच्या बाटल्यांची गाडी चालवत होते. मैदानाच्या रस्त्यानं जात नसत. शनिवारी सामन्याचा आरडाओरडा घरापर्यंत यायचा, म्हणून जंगलात जाऊन बसायचे. मग एका शनिवारी त्यांच्या बहिणीनं गळ घातली. तिच्या मुलाच्या टीममधली आठ पोरं शेजारच्या गावी न्यायची होती आणि गाडी चालवायला कुणी नव्हतं. कोच गेले, पण गाडीतून उतरले नाहीत. मैदानाकडे पाठ करून बसले. अर्ध्या तासानं एक पोरगा खिडकीशी आला आणि त्यानं बूट वर धरला. नाडी सुटली होती.

"मग?"

"मग बांधली," कोच म्हणाले. "पुढच्या शनिवारी कुणी बोलावलं नव्हतं, तरी गेलो."

तिथून पुढे नऊ वर्षांखालची मुलं, मग अकराखालची, मग पंधराखालची. एकेक परीक्षा देऊन शिकवायचे परवाने मिळवले. वीस वर्षं तिकडे, सात वर्षं इथे. मोठ्यांचा संघ दोनदा चालून आला, दोन्हीदा नको म्हणाले. का, असं मी विचारलं. त्यांनी जरा विचार केला.

"हा बोलतो, मोठ्यांच्या टीममधी सगल्यांना निकाल पायजे. मला पोरं मोठी झालेली पायजेत. बस."

मग कोच थोडे पुढे वाकले. ते डॉक्टर पुढे भेटले का, असं मला विचारायचं होतं, पण त्यांनीच सांगितलं. आभार मानायला गेले तेव्हा डॉक्टर हयात नव्हते. "मी त्रेसष्ट वर्षांचा आहे," ते म्हणाले. "त्यांनी मला थांबवलं नसतं तर सत्तावीस झालं नसतं."

मला पुढचा प्रश्न येताना दिसत होता. हात मांडीवर घट्ट धरून बसले.

"फॉर्मवर आई-वडील 'नाही' लिहितात, कारण त्यांना ठाऊक नसतं. आजी-आजोबांना असतं. म्हणून मी हिवाळ्याची वाट बघतो. तुमच्या घरात कुणी तरुणपणी अचानक गेलं आहे का?"

"भाऊ," मी म्हटलं. "विजेचा शॉक लागून."

इतकी वर्षं सराव होता, वाक्य आपोआप आलं. इक्बालभाईंनी सांगितलं. कोचनी मान हलवली आणि अगदी हळू विचारलं, "त्या वेळी तो काय करत होता?"

हा प्रश्न मला पंचेचाळीस वर्षांत कुणी विचारला नव्हता. शॉक म्हटलं की लोक हळहळतात आणि थांबतात. विहिरीवर होता, मोटार सुरू करत होता, हे पुढचं वाक्यही तयार होतं. पण डोळ्यांपुढे विहीर येईना. हिरवं नकली गवत आलं आणि त्यावर उकिडवी बसलेली इरा आली. मी रडायला लागले. "बॉल खेळत होता," मी म्हटलं. "पळत होता. शॉक बिक काही नव्हता." आणि मग डॉक्टर, मिरज, वडील, माझं लग्न, सगळं एका दमात सांगून टाकलं.

इक्बालभाईंनी त्याचं इंग्रजी केलं नाही. कोच त्यांच्याकडे बघत होते.

"मावशी," इक्बालभाईंनी खालच्या आवाजात विचारलं, "ह्या सगला सांगू ना याला? नको असंल तर नाय सांगत."

देवमाणूस. मी पदरानं डोळे पुसले आणि सांगा म्हटलं.

कोचनी सगळं ऐकून घेतलं. मला बोल लावला नाही, धीरही दिला नाही. एवढंच म्हणाले, "तपासणी होईपर्यंत इरा पळणार नाही. मी आजच तिला सांगतो. तुम्ही आज तुमच्या मुलीला सांगा."

घरी

त्या संध्याकाळी काय झालं ते थोडक्यात सांगते.

मुग्धा आधी हसली. तिला वाटलं मी घाबरून काहीतरी रचतेय. मग तिचा चेहरा बदलत गेला. "म्हणजे बाबांना पण नाही सांगितलंस? मला नाही? आणि त्या कोचला सांगितलंस? पहिल्यांदा भेटलेल्या माणसाला?"

"त्यानं विचारलं, म्हणून सांगितलो."

"आणि मी नाही विचारलं म्हणून नाही सांगितलंस?"

इरा दारात उभी होती. तिला कोचचा फोन येऊन गेला होता. "यू टोल्ड हिम बिफोर यू टोल्ड अस," ती म्हणाली, आणि खोलीत जाऊन दार लावून घेतलं. जेवायला आली नाही. मी दाराशी ताट घेऊन उभी राहिले, तर आतून आवाज, "गो अवे, आजी." तिच्या जागी मी असते तर मीही तेच म्हटलं असतं. पण वाईट वाटायचं ते वाटलंच.

संदेश फोन घेऊन गॅलरीत गेला आणि सोमवारची वेळ ठरवून आला. पुण्याच्या माणसांबद्दल मी आजवर जे काही बोलले असेन ते त्या दिवशी मनातल्या मनात मागे घेतलं.

सलमानिया

सलमानियाच्या मोठ्या सरकारी रुग्णालयाच्या जवळच एका हृदयाच्या डॉक्टरीणबाईंचा दवाखाना होता. बाई बहरीनच्याच, डोक्याला रुमाल, हसऱ्या. त्यांनी सुरेशचं ऐकून घेतलं, आमची तोंडं पाहिली आणि म्हणाल्या, हा आजार आईकडून मुलीकडे येऊ शकतो, मग तिघींचीही तपासणी करू. आधी धाकटी.

इरा आणि मुग्धा आत गेल्या. संदेश गाडी लावायला गेलेला. मी बाहेर एकटी. भिंतीवरच्या टीव्हीवर कुणी अरबी बाई मोठ्या पातेल्यात भात ढवळत होती. मी त्या भाताकडे बघत देवाला म्हणत होते, मला दे. जे काय असेल ते मला दे, माझं सगळं बघून झालंय, पोरीला सोड. इतकी भीती मला सुरेश गेला तेव्हाही वाटली नव्हती. तेव्हा जे व्हायचं ते होऊन गेलं होतं.

दार उघडलं. इरा बाहेर आली आणि तिनं अंगठा वर केला. "ऑल क्लियर!" मागून बाईंनी येऊन नीट सांगितलं. आज काही दोष नाही. दरवर्षी दाखवायचं, पण खेळायला हरकत नाही, इंशाल्ला. तो छातीखालचा हात म्हणजे खरोखरच पळताना येणारी चमक होती. मी खाली बसले आणि इराच्या पोटाला मिठी मारली. दोन दिवस न बोलणारी पोरगी म्हणाली, "आजी, पीपल आर लुकिंग." पण हात सोडवून घेतला नाही.

मग माझी पाळी. दहा मिनिटं. भिंत थोडी जाड आहे, बाई म्हणाल्या. वयामुळे, बीपीमुळे असेल, किंवा त्याच आजाराचा सौम्य प्रकार असेल. सहासष्ट वर्षं काढलीत, गोळी चालू ठेवा. मी खुशीत बाहेर आले. देवानं माझं ऐकलं असं वाटलं. इराला मशीनमधून चॉकलेटचं बिस्किट काढून दिलं. तिनं कोचला मेसेज केला, त्यांचं उलट उत्तर आलं, बुधवारी पाच वाजता ये.

मुग्धा आत गेली होती. इराचं बिस्किट संपलं. टीव्हीवर भात होऊन मासा सुरू झाला. संदेश येऊन बसला, घड्याळ बघून पुन्हा उठला. माझ्या तपासणीला दहा मिनिटं लागली होती. हिला अर्धा तास होत आला. मग एक दुसरे डॉक्टर जिन्यानं वर आले आणि आमच्याकडे न बघता आत गेले.

तेव्हा माझ्या लक्षात आलं. जे सुरेशमध्ये होतं ते माझ्यात, माझ्याकडून मुग्धाकडे, मुग्धाकडून इराकडे. मी आठ दिवस शेवटच्या टोकाकडे बघत होते. देवाकडे मागताना मी स्वतःला पुढे केलं, इराला मागे घेतलं, आणि माझ्या पोटच्या पोरीचं नावसुद्धा घेतलं नाही.

मुग्धा बाही खाली करत बाहेर आली. हातात कागद. तिच्या हृदयाची भिंत माझ्यापेक्षा पुष्कळ जाड होती. औषध सुरू करायचं, चोवीस तास छातीला यंत्र लावून ठोके नोंदवायचे, ती रोज सकाळी धावायला जायची, ते आजपासून बंद. ठोके बिघडले की धक्का देणारं छोटं यंत्र छातीत बसवायचं की नाही ते पुढे ठरेल. ती अगदी शांतपणे सांगत होती, ऑफिसातल्या मीटिंगमध्ये बोलल्यासारखं. इरा तिच्याकडे बघत राहिली आणि मग तिच्या दंडाला धरून तिला खुर्चीत बसवलं.

पुलावर

परत येताना संदेश गाडी चालवत होता, इरा त्याच्या शेजारी, आम्ही दोघी मागे. मुहर्रकच्या पुलावर गाड्या तुंबल्या होत्या. दोन्ही बाजूंना पाणी. मी मुग्धाचा हात हातात घेतला होता आणि ती बाहेर बघत होती.

"आई," ती म्हणाली, "इराच्या वेळेला मी कोल्हापूरला होते बाळंतपणाला. सातव्या महिन्यात मला चक्कर येऊन पडायला झालं होतं. छातीत धडधडत होतं. आठवतं?"

"आठवतं."

"दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं होतं, घरात कुणाला हृदयाचं काही आहे का? मला विचारलं नव्हतं. तुला विचारलं होतं."

मला ती खोली दिसली. मुग्धा कॉटवर, पाय सुजलेले. डॉक्टरांच्या हातात पेन. तेव्हा सुरेश माझ्या डोक्यात आला नव्हता असं म्हणायची फार इच्छा झाली. पण आला होता. मोटार, विहीर, वडील, सगळं आलं होतं, आणि शेजारी मुग्धाच्या सासूबाई उभ्या होत्या.

"तू नाही म्हणालीस," मुग्धा म्हणाली. आवाजात राग नव्हता.

पुढच्या सीटवरून इरा वळून माझ्याकडे बघत होती.

"हो," मी म्हटलं. "नाही म्हटलो. मला ठाऊक होतं, तरी म्हटलो."

गाड्या हलल्या, संदेशनं गाडी पुढे घेतली. मुग्धानं तिचा हात माझ्या हातातून काढून घेतला नाही. ती चिडली असती, ओरडली असती, तर मला बरं वाटलं असतं. ती तशीच बाहेर बघत बसली, आणि मी तिच्या मनगटावर बोट ठेवून ठोके लागतात का ते बघत राहिले.